साठ बाकांची सप्रेम भेट

माझा धंदा बाकांचा आहे. नाशिकला अंबडच्या एमआयडीसीत माझा कारखाना आहे आणि तिथे फक्त शाळेचे बाक बनतात. लोक विचारतात, सरिता मॅडम, सोफे का नाही करत, ऑफिसची टेबलं का नाही करत? मी हसून विषय बदलते. खरं उत्तर असं की माझं बाकाशी जुनं वैर आहे, आणि वैरी डोळ्यांसमोर असलेला बरा.

कारखान्याच्या एका कोपऱ्यात मी भंगारातून उचललेले जुने बाक ठेवलेत. एक अस्सल सागवानी आहे. त्याला उतरती फळी आणि शाईच्या दौतीसाठी पाडलेलं गोल भोक आहे. दौत गेली, टाक गेले, बॉलपेन आली, तरी पुढची कित्येक वर्षं सुतार ते भोक पाडतच राहिले. का पाडायचं हे कुणी विचारलं नाही. दुसरा एक लांबलचक आहे, पाच पोरं कोंबायची म्हणून केलेला. भिंतीकडचं पोर बाहेर यायचं तर चौघांनी उठायचं. तिसरा लोखंडी अँगलचा, ज्याच्या कडेला हजारो पोरींचे फ्रॉक फाटले असतील. गिऱ्हाईक आलं की मी त्यांना हे दाखवते. पहिल्या बाकावर पाटलांची, मास्तरांची पोरं, मधे दुकानदारांची, शेवटी ज्यांचं कुणी नाही त्यांची. बाक जुना असो की नवा, हा हिशेब काही बदलला नाही.

एक गोष्ट मात्र मी गिऱ्हाइकांना सांगत नाही. शेवटच्या बाकाच्याही मागे एक रांग असायची. ती जमिनीवर असायची. मी त्या रांगेतली.

आम्ही सुरगाण्याकडचे, डोंगरातले. भात आणि नागली घरात आली की दिवाळीनंतर आई, बाबा, माझा दादा मनोज आणि मी लासलगावच्या बाजूला कांद्याच्या कामाला उतरायचो. ज्या गावात उतरायचो त्याचं नाव मी घेत नाही. तिथे खंडेराव म्हणून मोठे बागाईतदार होते. त्यांच्या मळ्यात राहायला आमची पाचटाची कोपी असायची आणि त्यांच्याच संस्थेच्या शाळेत आम्ही दोघं बहीण-भाऊ जायचो. मी चौथीत, दादा सहावीत. दोन्ही वर्ग एकाच लांब खोलीत भरायचे आणि दोन्हींवर भिमाजी गुरुजी असायचे.

खोलीत चोवीस बाक होते. खंडेरावांनी आपल्या आईच्या नावाने दिलेले. प्रत्येकाच्या पाठीवर पांढऱ्या रंगाने लिहिलेलं, ‘कै. चंद्रभागाबाई यांचे स्मरणार्थ सप्रेम भेट’. पोरांनी त्यावर चित्रं काढली, मिश्या काढल्या, तेव्हा संस्थेने एक ठराव केला आणि दाराशेजारच्या भिंतीवर रंगवला. देणगीदारांनी दिलेल्या वस्तूंवरील मजकूर खोडणे, झाकणे अगर त्यात भर घालणे यास सक्त मनाई आहे. ठराव क्रमांक सात. मी जमिनीवर जिथे बसायचे तिथून तो बरोबर समोर दिसायचा. मी वाचायला त्यावरच शिकले म्हणा ना.

बाकांवर जागा नव्हती असं नाही. तीन-चार जागा कायम रिकाम्या असायच्या. पहिल्या दिवशी दादा त्यातल्या एकीवर बसला. गुरुजींनी त्याला नुसतं बोटाने खाली दाखवलं. म्हणाले, “तुम्ही पाहुणे. कांदा निघाला की चालले डोंगरात. बाक सवयीचा झाला तर तिकडं काय करशील?” वर्ग हसला. गुरुजी मारकुटे नव्हते, शिव्या द्यायचे नाहीत, पोरांना गोष्टी छान सांगायचे. त्यांनी दुष्टपणा केला असता तर मी कदाचित विसरले असते. त्यांनी तो समजावणीच्या सुरात केला, म्हणून जास्त लागला.

मग आम्ही पोत्यावर. पोत्यावर बसलेल्या पोराला बाकाची वरची बाजू दिसतच नाही. वरती रंग, पॉलिश, नाव. खाली सुताराच्या पेन्सिलीच्या खुणा, वाकलेले खिळे, पोरांनी चिकटवलेलं च्युइंगम. कोणता पाय डुगडुगतो, कुठल्या फळीला आडवी पट्टी कमी पडली, हे मला दहाव्या वर्षी पाठ होतं. आज लोक म्हणतात, मॅडम, तुमचा बाक वीस वर्षं हलत नाही. नाही हलणार. मी बाक खालून शिकलेय.

शाळा सुटली की वर्ग झाडायचं काम आम्हां जमिनीवरच्यांचं. एका संध्याकाळी दादा मागची खोली झाडत होता आणि मी या खोलीत एकटी होते. पहिल्या बाकाखाली कुणाचं तरी कर्कटक पडलेलं. त्या दिवशी दादाचा निबंध गुरुजींनी वर्गात वाचून दाखवला होता, आणि वाचून झाल्यावर वही त्याला जमिनीवर टाकून परत दिली होती. माझं डोकं फिरलेलं. मी पहिल्या बाकाच्या पाठीवर, चंद्रभागाबाईंच्या नावाच्या बरोबर खाली, कर्कटकाने खोल कोरलं. मनोज.

मला वाटलं, नाव तरी बसेल बाकावर.

सकाळी गुरुजींनी ते बघितलं. “मनोज, ऊठ. हे तुझं काम?” दादाने बाकाकडे बघितलं, मग माझ्याकडे. माझं अक्षर तो ओळखत नाही असं कसं होईल? तो म्हणाला, “हां गुरुजी.” मी तोंड उघडलं नाही. आज बेचाळीस वर्षांची आहे, चार माणसांच्या तोंडाला तोंड देते, पण त्या दिवशी माझ्या तोंडातून शब्द फुटला नाही.

गुरुजींनी ठराव क्रमांक सात मोठ्याने वाचून दाखवला आणि शिक्षा सांगितली. बाकावर उभं राहायचं. तीन दिवस, प्रार्थनेपासून शाळा सुटेपर्यंत. ज्याला बाकावर बसू दिलं नाही, त्याला बाकावर उभं केलं, आणि यात काही विचित्र आहे असं त्या खोलीत कुणालाही वाटलं नाही. दादाची चड्डी मागून फाटलेली होती. जमिनीवर बसलं की दिसायची नाही. बाकावर उभं राहिलं की सगळ्या वर्गाच्या डोळ्यांच्या उंचीवर यायची. तो तीन दिवस एक हात मागे धरून उभा राहिला. चौथ्या दिवशी बाबांबरोबर लासलगाव मार्केटला गोण्या उचलायला गेला. शाळा संपली.

मी शिकले. आश्रमशाळा, मग नाशिकला आयटीआय, मग दुसऱ्याच्या कारखान्यात वेल्डिंग, मग माझा कारखाना. सुंभ जळतो पण पीळ जात नाही म्हणतात. माझा सुंभही जळला नाही.

गेल्या दिवाळीनंतर एक पांढरी गाडी कारखान्यासमोर थांबली. खंडेरावांचा मुलगा सोमनाथ उतरला. आता संस्थेचा अध्यक्ष तो. शाळेला पन्नास वर्षं होतायत, जुने बाक मोडलेत, नवे घ्यायचेत म्हणाला. त्याने मला ओळखलं नाही. ओळखणार कसा? तो पहिल्या बाकावर बसायचा आणि मी त्याच्या पाठीमागे, चपलांच्या उंचीवर.

मी त्याला चहा दिला आणि सांगितलं, “मीही तुमच्याच शाळेची. साठ बाक माझ्याकडून भेट. सागवानी. पैसे नकोत.”

त्याने आनंदाने हात जोडले. मी म्हटलं, “दोनच अटी आहेत. बाकांवर मजकूर माझा असेल आणि त्याला ठराव क्रमांक सात लागू राहील, असं लेटरहेडवर लिहून द्या. आणि उद्घाटन भिमाजी गुरुजींच्या हस्ते.”

“अहो ताई, त्यात काय विचारायचं! आईवडिलांचं नाव टाका, हौसेने टाका. कोण खोडतंय?” त्याने तिथेच पत्र लिहून सही केली. मजकूर काय हे विचारलंसुद्धा नाही. आपल्याकडे बाकावर, पंख्यावर, पाण्याच्या टाकीवर काय लिहिलेलं असतं हे सगळ्यांना न वाचताच माहीत असतं. माझा सगळा डाव याच एका खात्रीवर उभा होता.

बाक मी स्वतः केले. पेंटरला हात लावू दिला नाही. रंग खरवडता येतो. फळीच्या वरच्या कडेला, बसणाऱ्या पोराच्या नजरेसमोर येईल असा, राऊटर मशीनने मजकूर कोरला, चार मिलिमीटर खोल. साठ वेळा. मशीन लाकडात शिरताना जो आवाज येतो तो ऐकून मला इतकं बरं वाटायचं की मी जेवायला उशीर करायचे. मग प्रत्येक बाक पुठ्ठ्यात गुंडाळून चिकटपट्टीने बंद केला.

दादाला मी काही सांगितलं नाही. त्याला एवढंच म्हटलं, “शाळेला बाक देतेय. तू यायचं आणि पहिल्या बाकावर बसायचं. बाकी काही करायचं नाही.” एवढ्याचसाठी सगळा खटाटोप होता. गुरुजींच्या समोर माझा दादा पहिल्या बाकावर बसलेला मला बघायचा होता.

“कशाला गं सरू आता?” तो म्हणाला. “झालं गेलं. सोड ना.”

“तू येणार की नाही?”

“येतो बाई. तुझ्यापुढं कोणाचं चाललंय?”

दादा आता मार्केटात मुकादम आहे. अठरा हमालांची टोळी त्याच्या हाताखाली. ट्रक भरायचे असले की व्यापारी त्याला फोन करतात. त्या गावचे शेतकरी ट्रॅक्टर घेऊन आले की “मनोजभाऊ, आमचा माल जरा बघा” म्हणतात. तो कुणापुढे मान खाली घालत नाही.

कार्यक्रमाच्या दिवशी तो कडक इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून आला आणि हॉलच्या दाराशी उभा राहिला. खुर्ची दिली तरी बसला नाही. “बाकाचंच उद्घाटन हाय ना, मग तिथंच बसतो,” असं हसून म्हणाला.

भिमाजी गुरुजी ब्याऐंशीचे झालेत. काठी, पांढरं धोतर, आवाज मात्र तसाच खणखणीत. मला शाल-श्रीफळ देताना त्यांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला आणि माईकवर म्हणाले, “सरिता मला चांगली आठवते. अत्यंत हुशार मुलगी. कायम पहिल्या बाकावर बसायची.”

टाळ्या पडल्या. मी श्रीफळ इतकं घट्ट धरलं की शेंडी हातात आली. तोवर माझ्या मनात कुठेतरी थोडी चलबिचल होती, म्हातारा माणूस आहे, जाऊ दे, असं. त्या एका वाक्याने ती संपली. मला जमिनीवर बसवलं ते बसवलं, वर माझी जमीनही काढून घेतली.

फीत कापली. सोमनाथने पहिल्या बाकाचा पुठ्ठा फाडला. गुरुजींनी चष्मा लावला. मराठीचे शिक्षक ते, समोर अक्षर दिसलं की मोठ्याने वाचायची जन्माची सवय. हातात माईक होताच. मला हे माहीत होतं. मी याच क्षणाची वाट बघत होते.

“सन एकोणीसशे त्र्याण्णव मध्ये,” त्यांनी स्पष्ट उच्चारात सुरू केलं, “या शाळेत मनोज मंगळू गावित या विद्यार्थ्यास भिमाजी गुरुजींनी बाकावर बसू दिले नाही. तीन दिवस बाकावर उभे केले. त्याची आठवण म्हणून ही सप्रेम भेट.”

शेवटच्या शब्दापर्यंत वाचलं. आपण काय वाचलं हे त्यांच्या चेहऱ्यावर नंतर उतरलं. माईक हातात तसाच राहिला आणि त्यांचा श्वास सगळ्या हॉलला ऐकू यायला लागला. शप्पथ सांगते, त्या श्वासासाठी मी बत्तीस वर्षं थांबले होते आणि तो मला गोड लागला.

सोमनाथ धावत आला. “ओ मॅडम, हे काय आहे? सगळ्यांवर हेच आहे?”

“साठच्या साठ.”

“उद्याच्या उद्या पुसून टाका हे.”

“कोरलंय. पुसलं जाणार नाही. आणि तुमची सही आहे. ठराव क्रमांक सात.” मी पर्समधून पत्र काढून त्याच्यासमोर धरलं. त्याने ते वाचलं. पहिल्यांदाच वाचलं असावं.

गुरुजी खुर्चीत बसले. “मला आठवत नाही,” ते म्हणाले. “कोण मनोज? असा विद्यार्थी मला आठवत नाही.”

“तो काय, दाराशी आहे.” मी बोट दाखवलं.

सगळ्या हॉलने मान वळवली. दोन-तीनशे माणसं. माना वळल्या आणि मला दादाचा चेहरा दिसला. असा चेहरा मी एकदाच बघितला होता.

“अरे, हा तर आपला मनोज मुकादम!” कुणीतरी म्हणालं. दुसरं कुणीतरी, एक बाई, हळहळून म्हणाली, “आई गं. बिचारा.” मग तो शब्द रांगारांगांतून मागे सरकत गेला. बिचारा. ज्या माणसाला मार्केटात कुणी अरे म्हणत नाही, त्याला पाच मिनिटांत सगळ्या गावाने बिचारा केला.

मी पुढे झाले. “दादा, ये. बस.”

तो आला. बाकाजवळ थांबला. मजकूर सावकाश, ओठ हलवत वाचला. मग बोट आपल्या नावावरून फिरवलं, म पासून त पर्यंत. त्याचा दुसरा हात मागे गेला होता, शर्टाच्या खाली, कमरेवर. त्याला ते कळलंही नसावं.

“बस ना दादा,” मी म्हटलं. माझा आवाज मलाच रडका वाटला.

तो इतकं हळू बोलला की माईक असता तरी कुणाला ऐकू गेलं नसतं. “सरू, तवा बी कोरलं तूच. आन उभा राहिलो मी.”

“दादा...”

“आता साठ बाकांवर उभा केलास.”

तो बसला नाही. गर्दीने त्याला वाट करून दिली, फार आदराने, आजारी माणसाला देतात तशी. तो बाहेर गेला आणि त्याची मोटारसायकल लासलगावच्या रस्त्याला लागल्याचं मला ऐकू आलं.

आठ दिवस त्याने फोन उचलला नाही. नवव्या दिवशी मी शाळेत गेले. रविवार होता. सोमनाथने शाळेची किल्ली स्वतः आणून दिली. त्याला वाटलं असेल, बाईला उपरती झाली. माझ्याकडे लाकडाच्या भेगा बुजवायची लांबी होती, पत्र्याची पट्टी होती, पॉलिश कागद होता. नाव फळीच्या वरच्या कडेला, म्हणून मी गुडघ्यांवर बसले तेव्हा ते बरोबर डोळ्यांसमोर आलं. एकेका बाकापुढे बसून ‘मनोज मंगळू गावित’ एवढीच जागा भरली. लांबी वाळू दिली, घासली, पुढच्या बाकाकडे गेले. सकाळी आठला सुरू केलं, दिवे लागायच्या आत साठ झाले. गुडघे सोलले.

बाकीच्या मजकुराला मी हात लावला नाही. विद्यार्थ्याचं नाव गेलं. गुरुजींचं राहिलं. उद्या त्या बाकांवर गुरुजींची पतवंडं बसतील, सोमनाथची बसतील, आणि डोंगरातली बसतील, आणि सगळी ते नाव वाचून मोठी होतील. माझा बाक वीस वर्षं हलत नाही.

शाळेच्या पायरीवर बसून मी फोन लावला. या वेळी त्याने उचलला. मागे ट्रकची घरघर होती आणि कुणीतरी गोण्या मोजत होतं.

“दादा, तुझं नाव बुजवलं. सगळ्यांवरचं.”

गोण्यांची मोजणी चालूच होती.

“चुकलं माझं. तेव्हाही चुकलं. तेव्हा मी बोलायला पाहिजे होतं.”

“हं.” मग त्याने विचारलं, “आन त्याचं?”

मी खोटं बोलणार होते. नाही बोलले. “त्याचं आहे तसंच आहे. तू म्हणत असशील तर तेही भरते. लांबी आहे अजून.”

पलीकडे त्याने कुणाला तरी गाडी मागे घ्यायला सांगितलं. मला वाटलं फोन ठेवला.

“राहू दे,” दादा म्हणाला.